मुहर्रकचा मोतीपथ

बहरीनच्या विमानतळाबाहेर पडणारा प्रवासी राजधानी मनामात नसतो; तो मुहर्रक नावाच्या लहानशा बेटावर असतो. बहुतेक जण पूल ओलांडून थेट मनामाच्या काचेच्या मनोऱ्यांकडे निघून जातात. जो मुहर्रकमध्येच थोडा वेळ थांबतो, त्याला मात्र अरबी आखाताच्या संपत्तीची तेलापूर्वीची कहाणी पायी चालत वाचता येते. बेटाच्या दक्षिण टोकाजवळील बू माहिर किल्ल्यापासून सियादी या मोती व्यापारी घराण्याच्या वाड्यापर्यंत सुमारे साडेतीन किलोमीटरचा हा मोतीपथ आहे. सतरा जुन्या वास्तू, किनाऱ्याचा एक तुकडा, किल्ला आणि समुद्रातील शिंपल्यांची तीन क्षेत्रे मिळून २०१२ साली युनेस्कोने त्याला जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली. त्या नोंदीत या स्थळाला ‘एका बेटाच्या अर्थव्यवस्थेची साक्ष’ म्हटले आहे. ही साक्ष वैभवाची आहे, तशीच कर्जाचीही आहे.

‘बहरैन’ या अरबी शब्दाचा अर्थ दोन समुद्र. येथील खाऱ्या समुद्राच्या तळाशी गोड्या पाण्याचे झरे आहेत. मोती काढण्यासाठी गेलेल्या नावांवरील माणसे पिण्याचे पाणी या झऱ्यांतूनही भरून घेत. उन्हाळ्याचे सुमारे चार महिने या नावा समुद्रातच असत. बुडी मारणाऱ्याला ‘गव्वास’ म्हणत आणि नावेवरून त्याची दोरी ओढणाऱ्याला ‘सैब’. नाकाला चिमटा, गळ्यात जाळीची पिशवी आणि पायाशी दगडाचे वजन एवढ्याच साधनांवर गव्वास तळाशी जाई. श्वास संपत आला की तो दोरीला हिसका देई आणि सैब त्याला वर खेची. दिवसभरात अशा कित्येक बुड्या होत. नावेवरचा गायक या श्रमांना ताल देई. ‘फिजरी’ नावाची ही गीतपरंपरा २०२१ साली युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत आली.

एक चांगला मोती मिळावा म्हणून असंख्य शिंपले उघडले जात. अहिंसेच्या संस्कारात वाढलेल्या वाचकाचे मन येथे क्षणभर थबकते. पण या व्यवसायात केवळ शिंपल्यातील जीवाचीच आहुती पडत नव्हती. माणसाचे आयुष्यही त्यात गहाण पडत होते.

नावेच्या कप्तानाला ‘नाखुदा’ म्हणत. नाखुदा व्यापाऱ्याकडून भांडवल घेई आणि हंगामापूर्वी गव्वासाला घरखर्चासाठी उचल देई. हंगाम संपल्यावर मोती विकले जात, खर्च वजा होई आणि उरलेल्या रकमेतून प्रत्येकाचा वाटा निघे. तो वाटा पुष्कळदा उचलीपेक्षा कमीच भरे. मग बाकी पुढच्या वर्षावर जाई आणि ती फिटेपर्यंत गव्वासाला दुसऱ्या नाखुदाकडे जाता येत नसे. हिशेबाची वही नाखुदाच्या हाती असे आणि गव्वास बहुधा निरक्षर. तो मरण पावला, तर त्याचे कर्ज मुलाच्या किंवा भावाच्या शिरावर येई आणि ते फेडण्यासाठी त्यालाही समुद्रात उतरावे लागे. १९२० च्या दशकात या पद्धतीत सुधारणा झाल्या. प्रत्येक गव्वासाला स्वतःची हिशेबवही देण्याचा आणि उचलीवर मर्यादा घालण्याचा नियम आला. एका साध्या वहीसाठी कायदा करावा लागला, यावरूनच त्या वहीचे मोल कळते.

या मोत्यांची मोठी पेठ मुंबई होती. आखातातील व्यापारी लाल कापडात बांधलेली मोत्यांची पुडकी घेऊन मुंबईला येत. तेथील जव्हेऱ्यांत जैनांची संख्या मोठी होती. श्रीमद् राजचंद्र हेही मुंबईत मोती व हिऱ्यांचा व्यापार करीत. महात्मा गांधींनी आत्मकथेत त्यांच्या रत्नपारखीपणाचा उल्लेख केला आहे. त्यांच्याविषयी जैन परंपरेत एक प्रसंग सांगितला जातो. एका अरब व्यापाऱ्याच्या धाकट्या भावाने थोरल्याला न विचारता मोती विकले. ठराविक भावाखाली ते विकू नयेत असे मूळ मालकाने कळविल्याचे त्याला नंतर समजले. घाबरलेला तो तरुण श्रीमदांकडे धावला. सौदा पुरा झाला होता, नफाही उघड दिसत होता. तरीही श्रीमदांनी मोत्यांचे पुडके परत केले आणि दिलेली रक्कम तेवढी घेतली. मुहर्रकच्या वहीत बाकी वाढत जाई. येथे एका व्यापाऱ्याने समोरच्याची अडचण आपला नफा मानली नाही.

१९१२ साली पॅरिसचे जवाहिर झाक कार्तिए स्वतः बहरीनला मोती पाहण्यासाठी आले होते. तेजीचा तो काळ फार टिकला नाही. जपानच्या मिकिमोतो यांचे संवर्धित मोती १९२० च्या दशकात युरोपच्या बाजारात पोहोचले आणि १९२९ च्या मंदीने गिऱ्हाईकच नाहीसे केले. एकाच मालावर उभे असलेले बेट काही वर्षांत डळमळले. १९३२ साली हलाखीला आलेल्या गव्वासांनी दंगा केला. त्याच वर्षी जबल दुखान, म्हणजे ‘धुराचा डोंगर’, येथे तेल लागले. आखाताच्या अरब किनाऱ्यावरचा हा पहिलाच तेलाचा शोध. १९३६ साली शुद्धीकरण कारखाना सुरू झाला आणि समुद्रात जाणारी माणसे हळूहळू महिन्याच्या पगारावर काम करू लागली.

भारताशी असलेला धागा मात्र लगेच तुटला नाही. १९६५ साली दिनार येईपर्यंत बहरीनमध्ये रुपया चालत असे आणि दहा रुपयांना एक दिनार या दराने तो बदलून देण्यात आला.

तेलही एकच माल होता, हे बहरीनने शेजाऱ्यांच्या आधी ओळखले, कारण त्याचा साठा लहान होता. १९७१ साली ॲल्युमिनियमचे उत्पादन सुरू झाले, पुढे बँका आल्या, १९८६ साली सौदी अरेबियाशी जोडणारा सेतू खुला झाला. २०१९ साली मूल्यवर्धित कर आला आणि २०२२ साली तो पाचावरून दहा टक्के झाला. तरीही सरकारी तिजोरीचा मोठा भार आजही तेलावरच आहे. मोत्याने शिकविलेला धडा पुरता गिरवून झालेला नाही.

मोतीपथाच्या शेवटी सियादी घराण्याची नक्षीदार बैठक येते. तेथे पोहोचण्यापूर्वी वाटेत अगदी साध्या माणसांची लहान घरेही लागतात. बुडी मारणाऱ्यांची आणि दोरी ओढणाऱ्यांची ही घरे प्रवाळाच्या दगडांनीच बांधलेली आहेत, पण त्यांत नक्षी नाही. वारसा जपणाऱ्यांनी वाड्यांबरोबर ही घरेही राखली, हे बरे झाले. बैठकीतला मोती किती मोलाचा होता हे व्यापारी सांगू शकला असता. तो किती महाग पडला, हे ठाऊक होते त्या लहान घरांना.