बिडाचा तवा

मैत्रिणींनो, घरात भाजी संपलेली असावी आणि पोरांच्या पोटात कावळे ओरडायला लागावेत, अशा वेळी तुम्ही काय करता? बटाट्याच्या काचऱ्या! मीही तेच करते. दुपारी शाळेतून आलं की चार बटाटे चिरायला घ्यायचे. पण याच काचऱ्यांनी मला साता समुद्रापलीकडे एक धडा शिकवला, तो आज तुम्हाला सांगायचाय.

२०२३ च्या मे महिन्यात धाकट्या बहिणीच्या बाळंतपणासाठी मी अमेरिकेला गेले. आई आधीच्याच वर्षी वारली होती, म्हणून तिच्या जागी मी. बहीण राहते जॉर्जिया राज्यात, अटलांटाजवळ. तिकडच्या दक्षिण भागात. बाळ-बाळंतीण सुखरूप, पण बहिणीचं अन्नावरून मनच उडालं. डिंकाचे लाडू, हळिवाची खीर, सगळं मी समोर न्यावं आणि तिनं बाजूला सारावं. "आईच्या हातचं नाही ना गं ताई," एकदा एवढंच म्हणाली. त्या रात्री मला झोप लागली नाही.

शेजारी सत्तरीच्या एक कृष्णवर्णीय आजी राहायच्या. त्यांनी एकदा मला हाक मारून स्वयंपाकघरात नेलं. शेगडीवर दोन बिडाचे खोलगट तवे. एक इतका जुना की आरशासारखा चकाकत होता. तो त्यांच्या आईचा. तिकडे या तव्याला फार मान. शेजारच्याच टेनेसी राज्यात 'लॉज' नावाच्या कंपनीनं १८९६ मध्ये बिडाची भांडी ओतायला सुरुवात केली, ती आजही चालू आहे.

मी त्या जुन्या तव्याकडे बघत होते, तर आजी म्हणाल्या, "यात आईनं आणि मी जन्मभर डुकराची चरबी वापरली. तुझी बहीण ते खात नाही, ठाऊक आहे मला. म्हणून हा दुसरा." तो नवा तवा त्यांनी आमच्यासाठी आणला होता. चार वेळा साधं तेल चोळून, दर वेळी तासभर भट्टीत तापवून तयार केलेला. ना नात्याच्या, ना गोत्याच्या, आणि आमच्या खाण्यापिण्याची ही केवढी जपणूक!

आता भाजी ऐका. चार बटाटे, एक मोठा कांदा, एक ढोबळी मिरची, दहा-बारा भेंड्या आणि तिकडचा कोवळा पिवळा भोपळा. आपण त्याऐवजी कोवळा दुधी घ्यावा. कांदा तिथला प्रसिद्ध 'विडेलिया', चवीला गोड. ठरावीक भागात पिकलेल्यालाच ते नाव द्यायचं, असा जॉर्जियात १९८६ चा कायदा आहे, बरं का! आणि भेंडी? ती आफ्रिकेतून गुलाम म्हणून नेलेल्या माणसांबरोबर त्या देशात गेली. आजी भेंडी चिरताना म्हणाल्या, "ही आमच्याबरोबर आली." पुढे बोलल्या नाहीत. मीही विचारलं नाही.

बटाट्याच्या पातळ चकत्या धुऊन फडक्यानं अगदी कोरड्या पुसायच्या. ओल्या राहिल्या की चिकटल्याच. तवा मध्यम आंचेवर पाच मिनिटं तापू द्यायचा, मग तीन मोठे चमचे तेल. बटाटे पसरून झाकण ठेवायचं आणि सात-आठ मिनिटं हात लावायचा नाही. आपल्याला सारखं ढवळायची खोड! खाली खरपूस झाले की उलटायचे, कांदा-मिरची घालायची. भेंडी आणि भोपळा शेवटी, तेही झाकण न ठेवता, नाहीतर भेंडीला तार सुटते. दहा मिनिटांनी मीठ आणि भरपूर मिरपूड. फोडणी नाही, हळद नाही. सोबत मक्याच्या पिठाचा पाव.

बहिणीनं पहिला घास घेतला आणि म्हणाली, "ताई, ही तर काचऱ्यांची बहीण!" मग दहीभात मागितला. त्या दिवशी ती पोटभर जेवली, रडलीही पोटभर.

जेवणं झाल्यावर आजींनी तवा कोमट पाण्यानं धुतला, आंचेवर सुकवला, तेलाचं बोट फिरवलं. जुन्या तव्याकडे पाहून म्हणाल्या, "हा माझ्या लेकीला जाईल." आणि माझ्या काळजात चर्र झालं. लग्नानंतर वर्षभरातच मी सासूबाईंची बिडाची कढई मोडीत घातली होती. जड होते, भाजी काळी पडते, म्हणून. न विचारता. आणि नॉनस्टिकचा पॅन आणून मिरवला होता. त्या पॅनचा थर दोन वर्षांत निघाला.

घरी परतल्यावर सासूबाईंना सगळं सांगितलं आणि म्हटलं, "आई, चुकलंच माझं." त्या तांदूळ निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "माझ्या आईनं दिली होती गं ती. पण तुझा नवा संसार, म्हटलं, कशाला बोला?"

मला काय बोलावं सुचेना. दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी जुन्या बाजारात गेलो आणि नवी कढई आणली. त्यांनीच ती घासली, रात्रभर पेजेत बुडवून ठेवली, सकाळी तेल लावून तीत कांदा परतला. आता काचऱ्या तीतच होतात. पण ती जुनी कढई काही परत आली नाही.

तेव्हा मैत्रिणींनो, बिडाचं भांडं घ्याल तर नव्या भांड्यात चिंच-टोमॅटो शिजवू नका, ओलं ठेवू नका. आणि घरातली कुठलीही जुनी वस्तू मोडीत घालण्याआधी एकदा विचारा, "ही कुणी दिली होती?" एवढं विचारायला किती वेळ लागतो?