मोटारीचा षड्ज

त्या चित्रपटाचं नाव घेत नाही, पण त्यातली विहिरीवरची मोटार अजून माझ्या कानातून जात नाही.

छोटा मराठी चित्रपट, संगीत माझं. पैसे मित्रमंडळींनी घातलेले, मानधन हप्त्यांनी, वादक एकच, सारंगीचा. अशा कामात हे नेहमीचंच. प्रसंग असा की रात्री लाइट येते आणि एक बाई एकटीच पिकाला पाणी द्यायला जाते. संवाद नाही. दिग्दर्शकानं तिथं तात्पुरती परदेशी व्हायोलिनं टाकलेली. ती मी आधी काढायला लावली आणि लोकेशनचा मूळ आवाज मागवला. आपला वीजपुरवठा 50 हर्ट्झचा, त्यामुळे मोटारीची घरघर 100 हर्ट्झच्या आसपास बसते, पांढरी पाचच्या किंचित वर. तोच षड्ज धरला. सारंगीवाल्या काकांनी हेडफोनमध्ये मोटार ऐकत एकेक तरफ मिळवली. सारंगी त्या घरघरीतूनच निघायची, कधी सुरू झाली ते कळायचंही नाही, आणि शुद्ध गंधारावर जाऊन थांबायची.

फायनल मिक्सला मला कुणी बोलावलंच नाही. पहिल्या खेळाला बसलो तर मोटार वेगळी! मूळ आवाजात कुत्री भुंकत होती म्हणून लायब्ररीतला स्वच्छ आवाज लावलेला. नंतर ती फाइल मिळवून तपासली. आवाज अमेरिकेतला, तिथली वीज 60 हर्ट्झची, म्हणून घरघर 120 वर. 100 आणि 120 यांतलं अंतर म्हणजे नेमका कोमल गंधार. वर सारंगी शुद्ध गंधार धरून, खाली मोटार कोमल गंधार धरून, दोन्ही एकमेकांना घासताहेत. विचारलं, तर उत्तर आलं, "मोटारीचा आवाज कोण एवढं ऐकतं?"

मी ऐकतो. आणि ज्या चित्रपटाकडे पन्नास वादक नाहीत, त्यानं तर ऐकायलाच हवं. 1955 च्या 'पथेर पांचाली'त आईचा, सर्वजयेचा, टाहो आपल्याला ऐकू येत नाही, त्या जागी तारशहनाई वाजते. माणसाचा आवाज काढून तिथं वाद्य ठेवणं हा निर्णय आवाज आणि संगीत यांचा एकत्र विचार केल्याशिवाय होत नाही. आमच्याकडे ध्वनीची माणसं एका स्टुडिओत, मी दुसरीकडे, मध्ये फक्त हार्ड डिस्क फिरते. नव्या मुलांना मी सांगतो, नुसतं चित्र घेऊन काम करू नका, लोकेशनचा आवाज मागा. मिक्सला बसण्याची अट करारात घाला, पैसे थोडे कमी मिळाले तरी चालतील.

दिग्दर्शक म्हणतो, त्या प्रसंगाला प्रेक्षक अस्वस्थ होतात, तेच हवं होतं. संताप येतो. पण अलीकडे पुन्हा पाहिलं, तेव्हा त्या घासण्यात त्या बाईची भीती मलाही ऐकू आली. माझा सूर तिला सोबत देत होता, आणि त्या रात्री तिला सोबत नव्हतीच. असेलही तसं. म्हणून काकांनी मिळवलेल्या तरफा न विचारता बेसूर करायच्या? मूळ मोटारीचा मिक्स मी अजून मागतोच आहे.