नोंद नसलेली बेगम

फातिमाबेगम, तुमच्या लग्नाचा कागद नाही. सचिन संस्थानचे नवाब सिदी इब्राहिम महंमद याकुत खान हे तुमचे पती, असं सगळे म्हणत आले. पण निकाहाची नोंद नाही, आणि तुमच्या लेकींना नवाबांनी आपलं म्हटल्याचीही नोंद नाही. झुबेदा, सुलताना, शहजादी. तिघी जगाला कळल्या त्या तुमच्या लेकी म्हणून.

सिदी म्हटलं की आम्हाला जंजिरा आठवतो. आफ्रिकेतून आलेली आणि मुरुडच्या समुद्रात पाय रोवून उभी राहिलेली ती हबशी माणसं. त्यांचा किल्ला शिवरायांच्याही हाती लागला नाही. त्याच घराण्यातला एक वारस गादीला मुकला, पेशव्यांशी त्याचा करार झाला, आणि १७९१ साली सुरतेजवळ सचिनची गादी उभी राहिली. या सगळ्याची दफ्तरं आहेत. गाद्यांची दफ्तरं असतातच.

तुम्ही मात्र उर्दू रंगभूमीवरून आलात. तिथल्या नटीला गाता, नाचता, बोलता सगळंच यावं लागे, आणि एवढं येणाऱ्या बाईला समाज उंबऱ्याबाहेरच ठेवी. दुर्गाबाई कामत आणि त्यांची कमला १९१३ सालीच फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये उभ्या राहिल्या होत्या, तरी पुढे कितीतरी वर्षं पडद्यावरच्या बहुतेक नायिका मिशा काढलेले पुरुषच होते. अशा काळात तुम्ही १९२२ साली 'वीर अभिमन्यू'त आलात. चारच वर्षांत स्वतःची कंपनी काढलीत आणि 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शित केलात. या देशात सिनेमा दिग्दर्शित करणारी पहिली बाई तुम्ही. विषय पऱ्यांचा, कॅमेऱ्याच्या करामतींनी भरलेला. नवाबाची बेगम म्हणून तुमचं नाव घेणाऱ्यांनी आधी हे सांगायला हवं होतं.

मग १४ मार्च १९३१. गिरगावच्या मॅजेस्टिकमध्ये 'आलम आरा' लागला, पडदा बोलू लागला. तुमची झुबेदा त्यात भटक्यांच्या तांड्यात वाढलेली मुलगी झाली आणि राजपुत्राची झाली. पडद्यावर ते लग्न लागलं. लेकीला त्या वेषात बघताना तुमच्या मनात काय चाललं असेल, याचा विचार मी पुष्कळदा करते.

आमच्या अंधेरीत पुढे मोहन स्टुडिओत 'मुगल-ए-आझम'चा शीशमहल उभा राहिला. बेल्जियमच्या काचा, वर्षानुवर्षांचं काम. शहजाद्यावर जीव लावणारी एक नाचणारी मुलगी त्या काचांतून हजार ठिकाणी दिसली, आणि १९६० साली सारा देश तिच्यासाठी रडला. ती दंतकथेतली होती. तुम्ही तेव्हा हयात होतात. १९८३ पर्यंत होतात.

तो स्टुडिओही आता नाही. वर्सोव्याच्या आरामनगरात मात्र मुली अजून येतात. लोकलमधून उतरून, रिक्षात पावडर सारखी करून, पिशवीत घुंगरू आणि दुसरा ड्रेस घेऊन त्या ऑडिशनच्या रांगेत उभ्या राहतात. त्यांतल्या कुणाला तरी कॅमेऱ्याच्या मागे उभं राहायचंय. तिला तुमचं नाव कुणी सांगितलेलं नाही, याचा मला राग येतो.

कारण दाखवायला काही उरलेलंच नाही. आपल्याकडे तेराशेवर मूकपट निघाले. वाचले ते जेमतेम तीसच्या आसपास, त्यांतलेही कित्येक तुकड्यांत. नायट्रेटची फिल्म पेट घ्यायची, दमट हवेत चिकटून जायची. चांदी काढायला लोक ती भट्टीतही घालायचे. 'बुलबुल-ए-परिस्तान' गेला. 'आलम आरा'सुद्धा गेला. लग्नाला कागद नाही आणि कामाला रीळ नाही. पहिलं दुःख तुमचं होतं, दुसरं आमचं आहे.

तरी मी आशा सोडलेली नाही. १९१९ सालच्या 'बिल्वमंगल'चा काही भाग फ्रान्समध्ये टिकून होता, तो २०१६ साली पुण्याच्या चित्रपट संग्रहालयात आला. तसा तुमचाही एखादा डबा सुरतेत, हैदराबादेत, कुणाच्या माळ्यावर निघाला, तर मला त्यात कोण कोणाची बेगम हे शोधायचं नाही. पऱ्या उडवताना तुम्ही कॅमेरा कुठे ठेवला होतात, तेवढं बघायचंय.