टिंबुड्याची मिशी

निरर्थक गाणं लिहायला शिस्त लागते, आणि ती अर्थाच्या गाण्यापेक्षा कडक असते. नवागामच्या मुलांसाठी बडबडगीतं रचता रचता माझं हे मत पक्कं झालं.

सुरतेच्या नवागाम-डिंडोली, उधना, लिंबायत या पट्ट्यात धुळे, नंदुरबार, जळगावकडची माणसं मोठ्या संख्येनं आहेत. भुसावळहून सुरतेला येणाऱ्या रेल्वेनं ती आली आणि लूमच्या कारखान्यांत, कापड मार्केटात कामाला लागली. त्यांची मुलं घरात अहिराणी बोलतात, गल्लीत हिंदी, दुकानावर गुजराती आणि वर्गात मराठी. महापालिकेची शिक्षण समिती सात माध्यमांच्या शाळा चालवते, त्यांतलं मराठी हे एक. म्हणजे पहिलीतल्या मुलाच्या कानावर शाळेच्या वाटेवरच तीन भाषा पडून गेलेल्या असतात.

अशा वर्गात कविता शिकवायची म्हटली की ओटी, परसदार, गोठा, माजघर हे शब्द आडवे येतात. एका खोलीत राहणाऱ्या मुलानं, ज्याची आई दाराशी साड्यांचे धागे कापत बसलेली असते, त्यानं माजघर कुठं पाहिलेलं असणार? शब्दार्थ सांगण्यात तास सरतो. ज्याच्या घरी पुस्तकासारखी मराठी बोलतात तो आधी हात वर करतो आणि बाकीचे मान खाली घालतात. निरर्थक गाण्यात मात्र असं होत नाही. तिथला मुख्य शब्द कुणालाच आधीपासून माहीत नसतो. सगळा वर्ग एकाच रेषेवरून पळायला सुरुवात करतो. माझा या प्रकाराकडे ओढा आहे तो मुख्यतः एवढ्यासाठी.

माझं एक गाणं असं आहे:

एक टिंबुडा, रंग फिरोजी,
मीटर सोडुन मिशीत मोजी;
ताका सरला, मिशी सरेना,
गिऱ्हाइकाला घडी पुरेना!

टिंबुडा म्हणजे काय, हे मी सांगत नाही. पण ताका, मीटर, गिऱ्हाईक, घडी हे सगळं या मुलांच्या घरचं आहे. फिरोजी रंगाची साडी त्यांनी हातात धरलेली असते. चार ओळींत खोट्या गोष्टी दोनच, एक टिंबुडा आणि दुसरं त्याचं माप. बाकी व्यवहार मार्केटातला, जसाच्या तसा. मिशीनं मोजायचं ठरलं की मिशी ताक्याहून लांब असली तर काय होईल, याचा हिशेब चोख व्हायला हवा. तिसऱ्या ओळीत मिशी आभाळात उडवता आली असती, यमकही सापडलं असतं. पण मग गाणं कोसळलं असतं, कारण तिथं काहीही चालतं असं मुलाला वाटलं असतं. काहीही चालतं म्हटलं की गंमत संपते. विक्षिप्तपणा एकदाच करायचा आणि नंतर शेवटपर्यंत त्याच्याशी इमान राखायचं, हा या कामाचा कायदा.

लयीचंही तसंच. प्रत्येक ओळीत आठ-आठ मात्रांचे दोन तुकडे आहेत. अर्थाची कविता एखाद्या मात्रेनं लंगडली तरी अर्थ तिला सावरून घेतो. निरर्थक ओळीला आधार फक्त कानाचा. ‘मीटर’ आणि ‘मिशी’ शेजारी आले ते या कानामुळेच.

गाणं पाठ झालं की मी मुलांना टिंबुड्याबद्दल बोलायला लावते. एकानं विचारलं, “बाई, टिंबुडाले शेपटी शे का?” दुसरी म्हणाली, “टिंबुड्याला नसते शेपटी.” तिसऱ्यानं ताका ‘टिंबुडामा’ गुंडाळला. आधी कधीही न ऐकलेला शब्द, आणि तो प्रत्येकानं आपापल्या व्याकरणात बिनचूक चालवला. घोडा-घोड्याला तसं टिंबुडा-टिंबुड्याला, हे त्या मुलीला कुणी शिकवलं नव्हतं. अहिराणीचं ‘घरमा’ गुजरातीच्या ‘घरमां’शी किती जवळचं आहे, हेही वर्गाला अशा वेळी आपसूक ऐकू येतं. अमेरिकेत जीन बर्को यांनी १९५८ साली लहान मुलांना एका काल्पनिक प्राण्याचं चित्र दाखवलं, त्याला ‘वग’ असं बनावट नाव दिलं आणि दोन असतील तर काय म्हणाल असं विचारलं. मुलांनी अनेकवचन बरोबर केलं. मूल भाषा पाठ करत नाही, तिचे नियम उचलतं, हे त्या बनावट शब्दानं दाखवून दिलं. खऱ्या शब्दानं ते दाखवता आलं नसतं, कारण तो ऐकून पाठ झालेला असू शकतो.

आपल्याकडे या वाटेच्या आजूबाजूला बरंच काही आहे. काट्याच्या टोकावर गावं वसवणारं भारूड ज्ञानेश्वरांच्या नावानं चालत आलेलं आहे. पण ते कूट आहे, त्याच्या आड अध्यात्माचा अर्थ उभा असतो. अत्र्यांची ‘झेंडूची फुले’ हे विडंबन, त्याला समोर दुसरी कविता लागते. तमाशातली बतावणी शब्दाला शब्द भिडवून उलटंपालटं बोलते, पण तिचा रोख समोरच्या माणसावर असतो. निखळ वेडेपणाचा देश मराठी मुलांना मिळाला तो विंदा करंदीकरांच्या ‘एटू लोकांचा देश’मध्ये. हेच विंदा ‘अमृतानुभवा’ला आजच्या मराठीत आणत होते, ॲरिस्टॉटलचं काव्यशास्त्र मराठीत सांगत होते. तर्काची एवढी तयारी असलेल्या माणसानंच तर्क उलटा लावून पाहावा, हे मला अगदी स्वाभाविक वाटतं.

एडवर्ड लिअर हा या प्रकारचा इंग्रजीतला मोठा कवी. हिंदुस्थानात फिरत असताना त्यानं लिहिलेली एक कविता १८७४ मध्ये मुंबईच्या ‘टाइम्स ऑफ इंडिया’त छापून आली. तीत धोबी ही बसायची वस्तू आहे, पंखे येता-जाता बोलतात आणि नाल्याला फांद्या आहेत. ज्याला हे शब्द माहीत नाहीत त्याला ती नादानं भुलवते. ज्याला माहीत आहेत त्याला फांद्यांचा नाला दिसतो आणि हसू येतं. नवागामची मुलं रोज या दोन्ही जागांवर उभी असतात. एका भाषेत नुसता नाद ऐकतात, दुसरीत अर्थ. इतका तयार श्रोता एकभाषी गावात सहसा मिळत नाही.

मुलांच्या मराठीची काळजी करणारे पालक मला विचारतात, या गाण्यांचा परीक्षेत काय उपयोग? मी त्यांना त्यांच्याच मुलाची वही दाखवते. ज्यानं ‘टिंबुड्याच्या मिशीने’ असं लिहिलं, त्याची षष्ठी आणि तृतीया आलेली आहे. त्याहून मोठी गोष्ट अशी की, जे मूल वर्गात तोंड उघडत नव्हतं ते आता शेपटीवरून वाद घालतं आणि आपलं म्हणणं कारण देऊन पटवतं. म्हणून माझ्या सोबतच्या शिक्षकांना माझा आग्रह असतो: जूनमध्ये शाळा उघडली की पुस्तकाआधी एक बनावट शब्द फळ्यावर लिहा, त्याचा अर्थ सांगू नका, आणि मुलं त्याला कोणकोणते प्रत्यय लावतात ते ऐका. तुमच्या वर्गात किती भाषा नांदतात आणि मराठी कुठवर पोचली आहे, हे त्या एका तासात कळेल.