चौथा बिंदू

आज विद्यापीठांतील शिक्षकभरतीच्या आरक्षण-रोस्टरचा वाद पुन्हा वाचत बसलो. 2017 मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालय म्हणाले, आरक्षण मोजताना एकक विद्यापीठ नव्हे, विभाग. वाक्य किती निरुपद्रवी! पण रोस्टरवर, म्हणजे जागा भरण्याच्या ठरलेल्या क्रमात, ओबीसींचा पहिला बिंदू चौथा, अनुसूचित जातींचा सातवा, जमातींचा चौदावा. तीन जागांच्या विभागात चौथा बिंदू येणार तो कुणीतरी निवृत्त झाल्यावरच. चौदाव्याचे तर नावच नको. जानेवारी 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही तोच निकाल कायम ठेवला. मग आंदोलने, मार्चमध्ये विद्यापीठालाच एकक मानणारा वटहुकूम, जुलैत तसाच कायदा. दरम्यान भरती रखडली. कोर्टाच्या तारखांसाठी उमेदवारांचे वय थोडेच थांबते? माझ्या मते संसदेने केले ते योग्यच. मात्र हा कायदा केंद्रीय शिक्षणसंस्थांपुरताच आहे.