उकड

मुलांनो, तुमची अम्मी ज्वारीची भाकरी करताना तुम्ही कधी नीट पाहिले आहे का? पीठ जुने झाले की त्याची विरी जाते, म्हणजे त्याचा चिकटपणा कमी होतो. मग भाकरी थापताना कडा फाटतात. अशा वेळी अम्मी पिठात उकळते पाणी घालते. जळगाव-धुळ्याकडच्या सुगरणींना ही युक्ती चांगली ठाऊक असते. उकडीच्या मोदकाचे गुपितही हेच आहे.

मी मूळची दापोलीची. लग्नानंतर जळगावला आले. कोकणात भात पिकतो आणि नारळही भरपूर. म्हणून तिकडे गणेश चतुर्थीला तांदळाच्या पिठीचे वाफवलेले मोदक करतात. खानदेशात राज्य ज्वारी-बाजरीचे आणि गव्हाचे. इथे बहुतेक घरी कणकेचे तळलेले मोदक असतात. तेही खमंग लागतात. पण माझ्या आईला ते चावत नसत.

आई उतारवयात माझ्याकडे राहायला आली होती. संधिवाताने तिची बोटे वाकली होती. मोदकाच्या कळ्या पाडणे तिला जमत नव्हते. "माझ्या हातचे मोदक आता संपले," असे ती एकदा म्हणाली. शेजारच्या खालांनी ते ऐकले.

"आई, तुम्ही नुसते सांगा. मी करते," त्या म्हणाल्या.

आंबेमोहोर तांदूळ धुऊन, सावलीत वाळवून, बारीक दळून आणला. आई पाटावर बसून सांगू लागली. एक वाटी पाणी उकळायचे. त्यात चिमूटभर मीठ आणि चमचाभर तूप. उकळी आली की एक वाटी पिठी घालून ढवळायचे आणि झाकण ठेवून वाफ आणायची. ही झाली उकड. ती गरम असतानाच मळावी लागते.

"हात भाजेल हो!" आई म्हणाली. खाला नुसत्या हसल्या. तव्यावरची भाकरी रोज हाताने उलटणाऱ्या त्या!

असे का करावे लागते, सांगू? गव्हाच्या पिठात पाणी घालून मळले की चिवट धागे तयार होतात. तांदळात आणि ज्वारीत ते होत नाहीत. गरम पाण्याने त्यांतले पिष्ट फुगते, चिकट होते आणि पीठ धरून राहते. दूर जपानमध्ये 'दांगो' नावाचे तांदळाचे गोळे करतात. तिथेही पिठी गरम पाण्यात मळतात. गोळे उकडून बांबूच्या काडीला टोचतात. शरद ऋतूत पौर्णिमेचा चंद्र पाहताना दांगो मांडण्याची तिकडे रीत आहे.

ओले खोबरे, गूळ आणि वेलची यांचे सारण मी शिजवले. खालांनी उकडीची पारी केली, सारण भरले आणि चिमटीने कळ्या पाडल्या. पहिल्या मोदकाला सहाच आल्या, दहाव्याला अकरा! कोकणात मोदकाखाली हळदीचे पान घालतात. आम्ही केळीचे घातले. जळगावात केळीच्या पानाला काय तोटा? दहा-बारा मिनिटांत मोदक वाफवून झाले.

आईने मोदक फोडला, त्यावर तूप घातले आणि सावकाश खाल्ला. मग दुसरा मागितला.

आता आई नाही. पण चतुर्थी जवळ आली की खालाच भिंतीपलीकडून विचारतात, "पिठी दळून आणली का?"