गाभाऱ्यातला आरसा

प्रिय सखी,



‘कन्याकुमारीचे नुसते समुद्राचे फोटो पाठवलेस, बाकी काही सांगितलंच नाहीस,’ ही तुझी तक्रार अगदी रास्त आहे. जे सांगायचं होतं ते फोनवर घाईघाईत सांगवेना, म्हणून आज निवांत लिहायला बसले आहे.

विवेकानंद शिलास्मारक अर्थातच पाहिलं. अमरावती जिल्ह्यात जन्मलेल्या एकनाथजी रानड्यांनी ते कसं उभं केलं, हे आपण शाळेपासून ऐकत आलोय. आपली मंडळी ते बघतात, सूर्यास्त गाठतात आणि परतीची गाडी धरतात. आम्ही एक दिवस जास्त राहिलो, कारण कन्याकुमारी आणि नागरकोईलच्या मध्ये स्वामितोप्पु नावाचं गाव आहे आणि मला ‘अय्यावळी’ पंथाचं ते मूळ ठिकाण बघायचं होतं. अय्या म्हणजे बाप, वळी म्हणजे वाट. म्हणजे हा वाटेवरूनच नाव पडलेला पंथ.

त्यांच्या छोट्या देवळांना ‘निळल तांगल’ म्हणतात. निळल म्हणजे सावली. अशाच एका खेड्यातल्या देवळात आम्ही गेलो. माझ्या पुढे एक म्हातारे गृहस्थ होते. त्यांनी सदरा काढून हातावर घेतला, खांद्यावरचा पंचा झटकला आणि डोक्याला मुंडासं बांधलं. कपाळावर पांढऱ्या मातीचा नाम ओढला, नाकापासून वर निमुळता होत गेलेला, दिव्याच्या ज्योतीसारखा. मग हात जोडून उभे राहिले. ते बाजूला झाले आणि मला आतलं दिसलं. मूर्ती नाही, तसबीर नाही. दोन दिवे, आणि त्यांच्यामागे आरसा.

अगं, त्या आरशात मी होते. पण मी एकटी नव्हते. माझ्यामागे रांगेत उभी असलेली बाई, तिच्या कडेवरचं पोर, बाजूला सरकलेल्या त्या आजोबांचं मुंडासं, सगळे त्या दोन ज्योतींच्या मध्ये. हात कुणाला जोडायचे, हे मला कुणी सांगावं लागलं नाही.

आता या आरशामागची गोष्ट ऐक. या पंथाचे संस्थापक अय्या वैकुंडर यांचा जन्म १८०९ सालचा, तेव्हाच्या त्रावणकोर संस्थानातला. घर ताडाच्या झाडांवर चढून पोट भरणाऱ्या शाणार, म्हणजे आजच्या नाडार समाजातलं. आईबापांनी मुलाचं नाव हौसेनं ‘मुडिसूडुम पेरुमाळ’ ठेवलं होतं, म्हणजे मुकुट घातलेला विष्णू. असल्या घरच्या पोराला मुकुट कसला, म्हणून वरच्या जातीच्या लोकांनी हरकत घेतली आणि नाव बदलून ‘मुत्तुकुट्टी’ करावं लागलं, असं सांगतात. त्या काळी या लोकांना छत्री धरायची, पायात वहाण घालायची, डोक्याला फेटा बांधायची बंदी होती. बायकांनी पाण्याची घागर कमरेवर घ्यायची नाही आणि वरचं अंग झाकायचं नाही. त्यासाठी त्यांना कित्येक वर्षं लढावं लागलं, तेव्हा कुठे १८५९ साली अंग झाकण्याची मोकळीक देणारा राजाचा हुकूम निघाला. देवळात जाणं तर दूरच, सावलीचासुद्धा विटाळ मानत.

अशा माणसांना वैकुंडरांनी सांगितलं, देवापुढे याल तेव्हा डोक्याला मुंडासं बांधून या. ज्या पोराच्या नावातला मुकुट काढून घेतला होता, त्यानं मोठेपणी गावोगावच्या माणसांच्या डोक्यावर मुकुट चढवला! सगळ्या जातींनी पाणी भरावं म्हणून स्वामितोप्पुला विहीर खोदवली. ती अजून आहे. या सगळ्यापायी राजानं त्यांना तुरुंगातही टाकलं. १८५१ साली ते गेले. त्रावणकोरची सरकारी देवळं सगळ्यांना उघडली ती १९३६ साली, म्हणजे त्यानंतर ८५ वर्षांनी. ज्यांच्या सावलीनं देव बाटायचा, त्यांनी सावलीच्या नावानंच देवळं बांधली आणि गाभाऱ्यात स्वतःचा चेहरा बघितला. याहून मोठा मंदिरप्रवेश मला तरी माहीत नाही.

पुढे केरळात समाजसुधारक नारायण गुरूंनीही हेच केलं. १८८८ साली अरुविप्पुरमला त्यांनी शिवलिंग स्थापलं होतं. पण १९२७ साली चेर्तलाजवळ कळवंकोडला मूर्तीच्या जागी आरसा बसवला. लिंगापासून आरशापर्यंतचा तो जवळजवळ चाळीस वर्षांचा प्रवास.

परतीच्या गाडीत मला सारखी चांगदेवांची आठवण येत होती. त्यांनी कोरं पत्र धाडलं आणि ज्ञानदेवांनी ६५ ओव्यांचं उत्तर लिहिलं, त्यातही आरसा आहेच. म्हणजे देव आपल्यातच पाहायचा हा विचार आपल्याला परका नव्हता. पण आपल्याकडे तो ओव्यांत राहिला आणि संत चोखोबा देवळाच्या पायरीशी राहिले. पंढरपूरचं देऊळ सगळ्या जातींना उघडायला १९४७ साली साने गुरुजींना उपोषण करावं लागलं. वैकुंडरांनी तो विचार खिळ्याला टांगला, अक्षर न येणाऱ्यालाही कळेल असा. मला त्यांची थोरवी यात वाटते.

मार्चच्या ३-४ तारखेला त्यांचा अवतारदिन असतो. नागरकोईलहून स्वामितोप्पुला मोठी मिरवणूक निघते. तू फेब्रुवारीत येणारच आहेस, तर परतीचं तिकीट आठवडाभर पुढे ढकल. शिलास्मारक बघू आणि दुसऱ्या दिवशी त्या देवळात जाऊ. या खेपेला आरशात माझ्या शेजारी तू हवीस.

घरी सगळ्यांना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुझीच,
मैत्रीण